फरी मंडळींचे शब्द: कोकणातून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी वेंगुर्ल्याजवळ राहते, चित्रं काढते आणि गेली सात वर्षं फरी आहे. मालवण, कुडाळ, सावंतवाडी, रत्नागिरी अशा ठिकाणांहून कुणी नवं आमच्यात आलं की पहिल्या आठवड्यात तेच तेच प्रश्न येतात. बहुतेक प्रश्न शब्दांचे असतात. अर्थ नीट न कळता शब्द वापरला की समोरचा दुखावतो, नाहीतर विचारणाराच लाजून गप्प बसतो. दोन्ही टाळता येण्यासारखं आहे, म्हणून हे सगळं एका जागी लिहिते आहे.

फरी म्हणजे नेमकं कोण?

दोन पायांवर चालणारे, बोलणारे, कपडे घालणारे, माणसासारखा स्वभाव असलेले प्राणी ज्याला मनापासून आवडतात, तो फरी. कुणी त्यांची चित्रं काढतं, कुणी गोष्टी लिहितं, कुणी पोशाख शिवतं, कुणी नुसतं बघतं आणि त्यातच खूश असतं. पोशाख हवाच असं मुळीच नाही. बहुतेक फऱ्यांकडे तो नसतोच.

ही मंडळी एकत्र आली ती अमेरिकेत, १९८०च्या दशकात, विज्ञानकथांच्या संमेलनांमधून. १९८४ साली ‘रोरब्रॅझल’ नावाचं आपापसात वाटण्याचं चित्रांचं नियतकालिक सुरू झालं आणि जानेवारी १९८९मध्ये कॅलिफोर्नियातल्या कोस्टा मेसाला ‘कॉनफ्युरन्स झिरो’ हे केवळ फरींसाठीचं संमेलन भरलं. पुढच्याच वर्षी ‘फरीमक’ हे इंटरनेटवरचं फरींच्या गप्पांचं आणि खेळाचं ठिकाण आलं. तिथे संगणकावर फक्त अक्षरं दिसत, चित्र नाही. खूश झालेल्या कोल्ह्याची शेपूट हलताना दाखवायची तर ते टाइप करूनच सांगावं लागे. आमच्या बोलीत आवाजांचे आणि हालचालींचे इतके शब्द का आहेत, याचं उत्तर बरंचसं तिथे आहे.

हे दशावतारासारखं सोंगच ना?

आमच्याकडे हा प्रश्न सगळ्यांत आधी येतो, आणि तो वाईट हेतूने कुणी विचारत नाही. शिमग्यात संकासुर दारात नाचून पोस्त मागताना लहानपणापासून पाहिलेल्या माणसाला मुखवटा बघून दुसरं काय आठवणार? मी ‘सोंग’ हा शब्द हलका मानत नाही. दशावतारातला कलाकार पेटाऱ्यासमोर बसून स्वतःचा रंग स्वतः लावतो, राजपार्टी आणि स्त्रीपार्टी हे त्यांचे आपले शब्द आहेत, आणि ते शब्द माहीत असलेला माणूस रंगपटात लगेच ओळखू येतो. शब्दांपुरतं बोलायचं तर आमचंही तसंच आहे.

फरक आहे तो पात्रात. संकासुर सगळ्या गावाचा. तो कुणीही घ्यावा, त्याचा काळा पेहराव आणि उंच टोकदार टोपी ठरलेली. फरीचं पात्र मात्र एका माणसाचं, त्यानेच घडवलेलं. आणि पहाटे नाटक संपलं की सोंग उतरतं. फरीचं पात्र पोशाख नसतानाही सोबत असतं, वहीत, गप्पांत, नावात. म्हणून घरी समजावताना ‘सोंगासारखं’ म्हणायला हरकत नाही, पण लगेच पुढे म्हणा, ‘फक्त हे माझं मी बनवलेलं आहे.’

‘फर्सोना’ म्हणजे काय? माझा, माझी की माझं?

फर आणि पर्सोना मिळून झालेला शब्द. फरी जगात तुमची ओळख ज्या प्राणी-पात्राने होते, ते तुमचं फर्सोना. काहींचं फर्सोना म्हणजे ते स्वतःच, फक्त कान आणि शेपूट लावून. काहींचं त्यांच्याहून धीट, काहींचं शांत. तुम्ही काढलेलं प्रत्येक पात्र मात्र फर्सोना नसतं. माझ्याकडे चौदा पात्रं आहेत आणि फर्सोना एकच. बाकीच्यांना ‘ओसी’ म्हणतात, म्हणजे स्वतः रचलेली पात्रं.

लिंगाचा प्रश्न मराठीतच पडतो. इंग्रजीत बोलणाऱ्याला त्याची झळ लागत नाही, आपल्याला लागते. कोल्हा आला, घोरपड आली, मांजर आलं. प्राण्याच्या नावालाच लिंग चिकटलेलं असतं आणि पात्राचं लिंग वेगळं असू शकतं. माझं फर्सोना खवले मांजर, म्हणजे पँगोलिन, आहे. ‘ते खवले मांजर आलं’ असं कुणी म्हटलं की लहान मुलाबद्दल बोलल्यासारखं वाटतं. आमच्या गटात आम्ही असं ठरवलं आहे: क्रियापद प्राण्याच्या नावाप्रमाणे नाही, पात्राच्या मालकाने सांगितलं तसं चालवायचं. माझ्या पात्राला ‘ती आली’. कुडाळच्या एका मित्राची घोरपड ‘आला’. एकीला ना तो चालत ना ती, तिच्या पात्राला आम्ही आदरार्थी ‘ते आले’ म्हणतो, आणि मराठीत ते इतकं सहज बसतं की दुसऱ्या दिवशीपासून कुणाला विचार करावा लागला नाही. शब्द स्वतः कुणी ‘माझा फर्सोना’ म्हणतं, कुणी ‘माझी’. मी ‘माझं’ म्हणते. यावर वाद घालण्यात अर्थ नाही.

मला कोल्हा व्हायचंय. यात विचारण्यासारखं काय आहे?

आहे, आणि चित्राचे पैसे देण्याआधी विचारा. फरींमध्ये सगळ्यांत लाडके प्राणी म्हणजे लांडगा आणि फॉक्स. आपण गोष्टीतल्या फॉक्सला कोल्हा म्हणतो, पण आपल्या माळावर, खाडीकाठी रात्री ओरडतो तो सोनेरी कोल्हा, म्हणजे इंग्रजीतला जॅकल. भारतातल्या खऱ्या फॉक्सला मराठीत खोकड म्हणतात. एका मैत्रिणीने परदेशी चित्रकाराकडून चित्र मागवताना ‘कोल्हा’चं सरळ फॉक्स केलं. आलं ते तांबडं, पांढऱ्या शेंड्याच्या शेपटीचं युरोपातलं जनावर. तिला हवा होता बांधावरून वळून बघणारा, राखी-पिवळा, लांब पायांचा आपला कोल्हा. चित्र सुंदर होतं, म्हणून तिला बदल मागायलाही जीव होईना. ते अजून तिच्या भिंतीवर आहे, पण ते तिचं पात्र नाही.

पाणमांजर आणि उदमांजर यांचीही अशीच गल्लत होते. खाडीत मासे धरणारं ते पाणमांजर, म्हणजे ऑटर. उदमांजर म्हणजे रात्री झाडावर फिरणारा, आपण ज्याला कांडेचोर म्हणतो तो. चित्रकाराला नावाबरोबर नेहमी फोटो पाठवा.

आणि लांडगा निवडलात तर एक तयारी ठेवा. मराठीत ‘लांडगा’ ही शिवी आहे. फरी जगात लांडगा म्हणजे कळपावर जीव लावणारा, निष्ठावान. घरी फक्त ‘मी लांडगा आहे’ एवढंच सांगून थांबू नका.

‘स्केली’ कोण? खवले मांजर स्केली होतं का?

सरपटणाऱ्या, खवल्यांच्या पात्रांना आणि त्यांच्या मालकांना स्केली म्हणतात: पाल, मगर, साप, घोरपड, ड्रॅगन. पक्ष्यांना एव्हियन. सगळ्यांना मिळून फरी म्हटलेलं चालतं, अंगावर केस असोत वा नसोत.

खवले मांजराचा प्रश्न मला दर वेळी विचारला जातो आणि मला तो फार आवडतो. ते सस्तन आहे. त्याचे खवले आपल्या नखांच्याच द्रव्याचे, म्हणजे केराटिनचे असतात. दात नाहीत, लांब जिभेने मुंग्या आणि वाळवी खातं. चालताना पुढची लांब नखं आत दुमडून बोटांच्या सांध्यांवर भार टाकतं. भीती वाटली की गुंडाळून चेंडू होतं, आणि शिकारी त्याला नेमकं तसंच उचलून नेतो. वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत त्याचं नाव आहे, तरी खवल्यांसाठी ते मारलं जातं. शब्दाच्या काटेकोर अर्थाने मी स्केली नाही. स्केली मंडळींनी मात्र मला कधी बाहेर ठेवलं नाही, आणि त्यांच्या गप्पांत मी बसते. हे पात्र मी का घेतलं असं कुणी विचारलं की मी आधी प्राण्याबद्दल सांगते, मग शब्दांबद्दल.

‘अँथ्रो’ आणि ‘फेरल’ यांत फरक काय?

अँथ्रो दोन पायांवर, माणसासारखा बांधा. फेरल चार पायांवर, अंग खऱ्या जनावराचं, मन मात्र बोलकं असू शकतं. ‘टूनी’ म्हणजे मोठ्या डोळ्यांचं, व्यंगचित्रासारखं. ‘प्रोटोजेन’ हा फरींनीच रचलेला प्राणी आहे, अर्धा जिवंत अर्धा यंत्र, चेहऱ्याच्या जागी काळी काच आणि तिच्यावर दिव्यांनी उमटणारे डोळे.

‘डिजिटिग्रेड’ हा शब्द ऐकून घाबरू नका. कुत्रा-मांजर बोटांवर चालतात, टाच उचललेली असते, त्याला डिजिटिग्रेड. माणूस आणि अस्वल टाच टेकून चालतात, ते प्लँटिग्रेड. पोशाखात पहिला प्रकार हवा तर मांडीला आणि पोटरीला फोमच्या गाद्या लावाव्या लागतात.

फरसूट, फुलसूट, पार्शल, हँडलर: हे सगळं एकदा सांगाल?

फरसूट म्हणजे पात्राचा पोशाख. डोक्यापासून पायापर्यंत असेल तर फुलसूट. डोकं, हाताचे पंजे आणि शेपूट एवढंच असेल तर पार्शल, बाकी आपले कपडे. डोक्याला ‘हेड’च म्हणतात. आत गादीचा फोम असतो, वर नकली फर. बघायची जागा म्हणजे डोळ्यांतली जाळी, म्हणून खाली पायाशी आणि बाजूला जवळजवळ काही दिसत नाही. सूट घालून वावरणं म्हणजे ‘सूटिंग’.

सूटिंग करणाऱ्याच्या बाजूने साध्या कपड्यांत चालतो तो ‘हँडलर’. नवे लोक त्याला मदतनीस समजून सोडून देतात, पण माझ्या मते या बोलीतला सगळ्यांत महत्त्वाचा शब्द हाच. पायरी आली की तो सांगतो, मुलं शेपूट ओढायला लागली की मध्ये पडतो, पाणी देतो, आणि ‘आता पुरे’ म्हणायचा अधिकार त्याचा असतो. मोठ्या संमेलनांत ‘हेडलेस लाउंज’ नावाची खोली असते. तिथे पंखे, पाणी, आणि हेड काढून बसायची मोकळीक. तिथे फोटो काढायचे नाहीत.

आपल्या किनाऱ्यावर हे शब्द शोभेचे नाहीत. हवेत इतका ओलावा की घाम सुकतच नाही. मी माझं पहिलं हेड घरी घालून बघितलं ते एप्रिलमध्ये, दुपारी, पडवीत. पाच मिनिटांत कानशिलं ठणकायला लागली, पण आरशासमोरून हलवेना. आजी सुपात तांदूळ निवडत होती. तिने वर बघितलं, घाबरली नाही, हसली नाही. म्हणाली, ‘आदी तां टकलां काढ, बाये, नि पाणी पी.’ हँडलर नेमकं हेच म्हणतो. पुढे तिने ते हेड उचलून आतून हात फिरवला आणि विचारलं, ‘वारो खंयसून येता ह्येका?’ वारा कुठूनच येत नव्हता. तोंडातून आणि कानामागून हवा जायला भोकं ठेवायला मी त्यानंतर शिकले.

इथे सूटिंग डिसेंबर-जानेवारीत, ऊन उतरल्यावर, एका वेळी वीस मिनिटांच्या वर नको. मृग लागायच्या आधी सूट पूर्ण सुकवून, हवाबंद डब्यात ओल शोषणाऱ्या पुड्यांसकट ठेवा. एक पावसाळा बाहेर राहिला की फोमला बुरशी आलीच म्हणून समजा.

‘पूडलिंग’?

पार्शल घातला आणि बाहीखालून उघडं कोपर दिसलं, तर त्याला पूडलिंग म्हणतात. मध्येच केस काढलेल्या पूडल कुत्र्यासारखं दिसतं म्हणून. काही जण यावरून टोकतात. कोकणातल्या उकाड्यात अर्ध्या बाहीचा शर्ट घालणाऱ्याला कुणी टोकू नये, असं माझं ठाम मत आहे.

‘यिफ’ शब्द सगळीकडे दिसतो. वापरू का?

नको. १९९०च्या दशकात अक्षरी गप्पांत हा फॉक्सचा आवाज म्हणून आला. आज त्याचा अर्थ लैंगिक आहे, आणि तेवढाच आहे. ‘मर्र’ हाही शब्द त्याच वाटेवरचा, संदर्भ बघून समजायचा. आमच्या गटात आलेल्या एका सोळा वर्षांच्या मुलाने ‘यिफ’ म्हणजे नमस्कारासारखं काहीतरी समजून तो सगळ्यांना पाठवला. त्याची चूक नव्हती, त्याला कुणी सांगितलंच नव्हतं. त्या दिवसानंतर आम्ही नव्या माणसाला हा शब्द पहिल्याच दिवशी, न लाजता, समजावून सांगतो.

‘एसएफडब्ल्यू’ म्हणजे कुणासमोरही उघडता येईल असं, ‘एनएसएफडब्ल्यू’ म्हणजे फक्त प्रौढांसाठी. तुमचं वय अठराच्या खाली असेल तर ते खोटं सांगू नका. आणि तुम्ही प्रौढ असाल तर समोरच्याचं वय कळेपर्यंत दुसऱ्या प्रकारातला एक शब्दही नको. कुणी तुम्हाला असे शब्द एकट्यात पाठवून ‘फरी लोक असंच बोलतात’ म्हणत असेल, तर ते खरं नाही. गटातल्या जाणत्या माणसाला आणि घरच्यांना सांगा.

फरी म्हणजे हेच सगळं, असं बाहेरचे पुष्कळ जण धरून चालतात. प्रौढांचा एक कोपरा आहे, तो मी नाकारत नाही. पण माझ्या सात वर्षांत सगळ्यांत जास्त वेळ गेला तो शेपटीला नेमका बाक कसा द्यायचा यावर बोलण्यात.

‘बूप’, ‘स्क्रिच’, ‘नझल’ हे काय प्रकार आहेत?

बूप म्हणजे नाकाच्या शेंड्याला बोट हलकेच लावणं. स्क्रिच म्हणजे कानामागे, हनुवटीखाली खाजवणं, मांजराला खाजवतो तसं. नझल म्हणजे लाडाने नाक घासणं. ‘ग्लॉम्प’ म्हणजे धावत येऊन घातलेली मिठी. ‘टो बीन्स’ म्हणजे पंजाखालच्या मऊ गाद्या. ‘फ्लूफ’ म्हणजे झुबका, छातीवरचा किंवा शेपटीचा. ‘अवू’ म्हणजे लांडग्याचं लांब ओरडणं, आपल्या कोल्हेकुईसारखं.

गप्पांत हे दोन तारकांच्या मध्ये लिहितात, म्हणजे ते बोलणं नसून कृती आहे हे कळतं: \*शेपूट हलवते\*. इथे मराठी माणसाने जरा सांभाळावं. आपल्याकडे शेपूट हलवणं म्हणजे लाचारी, शेपूट घालणं म्हणजे भित्रेपणा, नाक खुपसणं म्हणजे नको तिथे लुडबुड. फरी गप्पांत शेपूट हलली तर तो निव्वळ आनंद असतो. आमच्यातल्या एकाला नव्याने आलेल्या मुलीने \*शेपूट घालून बसते\* असं लिहिलं, तेव्हा तिला काही लागलं का, असं त्याने तीनदा विचारलं. ती फक्त लाजली होती.

आणखी एक, आणि हे मी प्रत्येकाला सांगते. तारकांमधला बूप आणि खरा बूप एक नव्हे. समोर उभ्या असलेल्या माणसाच्या सूटला विचारल्याशिवाय हात लावू नये. आत माणूस आहे, त्याला बाजूचं दिसत नाही, आणि अचानक नाक दाबलं तर हेड मागे जाऊन मान दुखते. सागरेश्वरच्या किनाऱ्यावर एकदा पाच-सहा वर्षांची पोर माझ्यासमोर येऊन थांबली. बोट पुढे केलं आणि तसंच हवेत धरून माझ्या हँडलरला विचारलं, ‘हात लावू?’ मी मान हलवली. तिने खवल्यांना नाही, नाकालाच लावला, आणि वाळूत उड्या मारत आईकडे पळाली. तिला बूप शब्द ठाऊकही नव्हता.

‘ओवो’ आणि ‘उवू’?

इंग्रजी अक्षरांनी काढलेले चेहरे, OwO आणि UwU. पहिला डोळे विस्फारलेला, दुसरा डोळे मिटून लाडावलेला. देवनागरीत चेहरा दिसत नाही, फक्त उच्चार उरतो. चालतं.

फरी आणि थेरियन एकच का?

नाही. फरीसाठी प्राणी-पात्र ही आवड आहे, कला आहे. थेरियन माणसाला आपण आतून, मनाने काही अंशी प्राणी आहोत असं जाणवतं; शरीर माणसाचं आहे हे त्याला नीट ठाऊक असतं. काही जण दोन्ही असतात. हाता-पायांवर धावण्या-उडी मारण्याच्या व्यायामाला ‘क्वाड्रोबिक्स’ म्हणतात, तो तिसराच विषय. कुणावर परस्पर शिक्का मारू नका, त्याला विचारा.

चित्र मागवताना कुठले शब्द लागतात?

‘कमिशन’ म्हणजे पैसे देऊन काढून घेतलेलं चित्र. ‘रेफ शीट’ म्हणजे पात्राचा पुढून, मागून नकाशा, रंगांच्या ठिपक्यांसह. मघाशी सांगितलेल्या कोल्ह्यावाल्या मैत्रिणीकडे तेव्हा हीच नव्हती. ‘वायसीएच’मध्ये चित्राची मांडणी तयार असते, त्यात तुमचं पात्र बसवून देतात. ‘अडॉप्ट’ म्हणजे तयार पात्र विकत घेणं. ‘क्लोज्ड स्पीशीज’ म्हणजे रचणाऱ्याच्या परवानगीशिवाय ज्या जातीचं पात्र बनवायचं नाही अशी जात. कायदा काय म्हणतो यापेक्षा इथे मान राखण्याचा भाग मोठा आहे. आणि आगाऊ पैसे देण्याआधी त्या चित्रकाराने पूर्वी पूर्ण केलेली कामं बघा. मी एकदा न बघता दिले. ना चित्र आलं, ना पैसे.

संमेलनांचे शब्द?

संमेलन म्हणजे ‘कॉन’, चार-पाच जणांचं भेटणं म्हणजे ‘फरमीट’. पिट्सबर्गला २००६पासून भरणारं अँथ्रोकॉन आणि शिकागोजवळचं मिडवेस्ट फरफेस्ट ही मोठी नावं. दोन्हीकडे दहा हजारांहून जास्त माणसं येतात. युरोपात १९९५पासून युरोफरेन्स आहे. ‘६-२-१’ म्हणजे रोज सहा तास झोप, दोन वेळा जेवण, एकदा अंघोळ. ‘कॉन क्रड’ म्हणजे परतल्यावरचा सर्दी-ताप. ‘पीसीडी’ म्हणजे परतल्यावरची हुरहुर. गणपती गेल्यावर मखराची रिकामी जागा बघून जे होतं, तसंच. ‘ग्रेमझल’ म्हणजे जुना, वयाने मोठा फरी. ‘पॉप्युफर’ म्हणजे प्रसिद्ध फरी, बहुतेक वेळा कौतुकाने नाही, टोमणा म्हणून म्हणतात. मी तो वापरत नाही.

आपले शब्द आपण बनवले तर चालतील का?

चालतात, आणि बनतातच. आमच्या गटात सूटच्या आत कुणाला असह्य झालं की तो ‘उकडा’ म्हणतो. तांदळावरून आला. पहिल्या फरमीटला कुडाळचा मित्र हेड काढून धापा टाकत वाळूत बसला आणि म्हणाला, ‘माझो उकडो झालो.’ तेव्हापासून ‘उकडा’ ऐकू आला की हँडलर काही न विचारता त्याला सावलीत नेतो. बोलता येत नसेल तर दोन्ही पंजे डोक्यावर ठेवायचे, अर्थ तोच. गेल्या जानेवारीत रत्नागिरीहून दोघं आली होती. त्यातल्या एकीने तासाभरात स्वतःहून पंजे डोक्यावर ठेवले, आणि माझ्याआधी तिच्याच मित्राने पाण्याची बाटली उघडली.